रस्त्याच्या मधोमध सोडलेला कैदी

१९०८ साल. मी चौतीस वर्षांचा. देवासच्या वरच्या कोर्टाने सोडलेला गेंदालाल तेली खालच्या कोर्टाच्या दारातच पुन्हा धरला गेला, तेव्हा मी त्याच्या शेजारी उभा होतो.

मी मूळचा धारचा. शिक्षण मराठी तिसरी. धंदा मुखत्यारीचा, म्हणजे वकिलीची सनद नसताना पक्षकाराच्या वतीने कोर्टात बोलायचं. कुणाला हसायचं असेल त्याने हसावं. मनावर, कुक्षी अशा लांबच्या गावांहून लोक माझ्याकडे येत.

देवासात तेव्हा दोन दरबार. मोठ्या रस्त्याच्या अलीकडे एकाचा अंमल, पलीकडे दुसऱ्याचा. भांडण झालं पलीकडे, गेंदालालच्या घाण्यासमोर. अलीकडच्या नाकेदाराने फुकट तेल मागितलं, याने त्याला ढकललं. नाकेदार खालच्या न्यायाधीशांचा मेहुणा. अलीकडच्या खालच्या कोर्टाने गेंदालालला वर्षाची सक्तमजुरी ठोकली. मी अपील केलं. वरचं कोर्ट म्हणालं, जागा पलीकडची, आपल्याला अधिकारच नाही, माणूस सोडा.

खालच्या न्यायाधीशांनी सोडला, दारात धरला, आणि त्याच गुन्ह्याचा नवा खटला चालवून तीच शिक्षा दिली.

"साहेब, वरचा निकाल?" मी विचारलं.

"तो जुन्या खटल्याचा. हा नवा. करा की अपील, कोण अडवतंय?"

गेंदालाल जेलच्या ओलीत खोकून अर्धा झाला होता. बायको भुरीबाई माझ्या दारात बसून राहिली. "भाऊसाब, अपील लगाई दो. ऊ मरी जायगो."

"अपील नाही करणार," मी म्हणालो. "अपील म्हणजे पुन्हा पहिल्यापासून. नंबर लागेपर्यंत हा आतच. त्यापेक्षा जुन्याच प्रकरणात अर्ज देऊ, की तुमचा हुकूम मोडला, तो पाळून घ्या. त्याला नंबर लावावा लागत नाही."

वरच्या कोर्टाचा शिरस्तेदार, म्हणजे मोठा कारकून, अर्ज हातात घेईना. "मुखत्यार, तिसरी शिकून वरच्या कोर्टाला काम शिकवता?"

"काम होत असतं तर आलोच नसतो."

मी कोर्टाच्या पायरीवर बसलो. मोठे न्यायाधीश घरी निघाले तेव्हा त्यांच्या वाटेत उभा राहिलो. त्यांनी अर्ज तिथेच वाचला.

"हे खरं?"

"डोळ्यांदेखत झालंय, हुजूर."

दोन दरबारांनी एकमेकांची माणसं रस्त्याच्या मधोमध सोपवायची, अशी देवासची रीत होती. हुजुरांनी तीच वापरली. नवा खटला रद्द. खालच्या न्यायाधीशांनी स्वतः येऊन कैदी रस्त्याच्या मध्यावर सोडावा, म्हणजे पुन्हा धरता येणार नाही.

न्यायाधीश छत्री घेऊन आले. मागून दोन शिपाई खाट घेऊन. गेंदालालला उभं राहता येत नव्हतं.

"घ्या तुमचा माणूस," न्यायाधीश दुसरीकडे बघत म्हणाले.

पलीकडून भुरीबाई आणि तिच्या भावाने खाट उचलली. दिवेलागणीला आपल्या घाण्याशेजारीच त्याने प्राण सोडला.

वरच्या कोर्टाचा हुकूम मिळाला म्हणून कुणी पेढे वाटू नयेत. खालचा तो पाळतो की नाही, ते बघत बसावं लागतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गेंदालालला नदीवर पोचवून मी ओल्या धोतरानेच वरच्या कोर्टात गेलो. दुसरा अर्ज पुढे केला.

शिरस्तेदार म्हणाला, "माणूस तर मेला. आता काय पाहिजे?"

"ज्याने हुकूम मोडला त्याचा जबाब."

त्याने अर्ज परत सरकवला. मी तो उचलला आणि बाहेर पायरीवर जाऊन बसलो.