पाठमोऱ्या शॉटमधलं वाक्य

रस्त्यात उतारा दिसला तरी खुशाल ओलांडून जाणारी मी बाई. त्यामुळे हे लिहिताना मलाच चमत्कारिक वाटतंय...

डीव्हीडीचा जमाना होता. शनिवार पेठेतल्या एका लहान स्टुडिओत मी जुने सिनेमे साफ करायचे. एका मराठी सुपरहिरोचा सिनेमा आला. दिग्दर्शक आणि नायक एकच गृहस्थ, ते वारले होते. निर्मात्यानं कापून टाकलेला त्यांचा शेवट आम्ही परत जोडत होतो — डिरेक्टर्स कट. त्यात नायक उडत येऊन मंडईच्या छपरावर उतरतो, खाली उभ्या बायकोशी काही बोलतो, मग पाठ फिरवून आणखी काहीतरी बोलतो, एवढं मान हलते त्यावरून कळायचं. चित्र सापडलं, आवाज नाही. संवाद कोणालाच माहीत नव्हते.

तो सीन मी फ्रेम-फ्रेम करत साफ केला. ओरखडे, बुरशी... नवऱ्याचा चेहराही मी कधी इतक्या जवळून पाहिला नसेल.

केतकी नुकतीच सबटायटल्ससाठी लागली होती. एका दुपारी चहाचा कप घेऊन माझ्या मागे उभी राहिली आणि म्हणाली, "छान मिळालाय की आवाज."

ट्रॅकच नाहीये, मी सांगितलं. तिला ते खरं वाटेना. तिनं वाक्य म्हणून दाखवलं — "सगळ्यांना वाचवून झालं की जेवायला येतो. दार लोटून ठेव." पाठ फिरवल्यावर, 'दार'च्या आधी ते खोकतात, असंही म्हणाली. मी आवाज पूर्ण वाढवला. काही नाही. मीटरचा काटा जागचा हलत नव्हता. भाव खातेय, म्हटलं.

पुढच्या आठवड्यात दिग्दर्शकांच्या पत्नी खडकीहून सीन पाहायला आल्या. केतकी रजेवर होती. दोघींची कधी गाठच पडलेली नव्हती. केतकीचं वाक्य मी मुद्दाम सांगितलं नाही. सीन संपला.

"खोकलासुद्धा ठेवलात," काकू म्हणाल्या.

ते काय म्हणाले, मी विचारलं.

"दार लोटून ठेव. घरातनं निघतानाही हेच सांगायचे." मग माझ्याकडे वळून, "अगं, तुला नाही ऐकू आलं?"

भीती वाटायला हवी होती ना? मला मत्सर वाटला. काकूंचं ठीक आहे, हक्कच त्यांचा. पण केतकी त्यांची कोण? इतके महिने त्यांचा चेहरा पुसला मी, आणि बोलले कोणाशी — तर हातात चहा घेऊन सहज डोकावलेल्या मुलीशी!

ते वाक्य एका कलाकाराकडून डब करून घेतलं. डीव्हीडीवर 'संवाद' म्हणून केतकीचं नाव आलं. तिनं ओठ वाचले असतील, असं माझा भाऊ म्हणतो. पाठमोऱ्या माणसाचे?

मूळ मूक कॉपी माझ्याकडे आहे. घरातले कामाला गेले की लावते, आवाज पूर्ण वाढवून. अजून तरी काही नाही...

केतकी दोनदा म्हणाली, ताई, एकदा परत दाखवा ना. कॉपी सापडत नाही, असं मी तिला सांगितलंय.