ठेसन गेलं, पाण्याची पाळी राहिली

मार्चच्या उन्हात वऱ्हाडात फिरायला जाऊ नये, असं सुज्ञ लोक सांगतात. मी अमरावतीचाच असल्यामुळे हा सल्ला मला लागू होत नव्हता. निमित्त एवढंच, की अकोटच्या एका स्नेह्याने फोनवर सांगितलं, हिवरखेडच्या पुढे एका गावात गाडी कधीचीच बंद झाली, पण गाडीतल्या माणसांसाठी पाणी भरणं अजून चालू आहे. आणि हो, ठेसनाची इमारत याच महिन्यात पाडणार आहेत. मी दुसऱ्या दिवशी पहाटेची एसटी धरली.

जाणाऱ्यांसाठी तपशील : दर्यापूरमार्गे अकोटला तीनेक तास लागतात. अकोट स्टँडबाहेर गरम आलूबोंडा, तळलेली मिरची आणि चहा, पन्नास रुपयांच्या आत पोट तृप्त. तिथून हिवरखेडची बस, मग ऑटो. ऑटोवाल्याने विचारलं, काम काय? म्हटलं, ठेसन पाहायचं. "पाहाले काय हाये तिथं? गाडी त नाई." मी म्हणालो, म्हणूनच. त्यानंतर त्याने वाटभर माझ्याशी जपून बोलणं पसंत केलं.

ठेसन म्हणजे दोन खोल्या, तिकिटाची खिडकी, फलाटावर एक कडुलिंब. रूळ उचलून नेलेत, त्यांच्या जागी बाभळी रांगेत उभ्या आहेत, जणू तिकीट काढून. कडुलिंबाखाली ओलं फडकं गुंडाळलेला रांजण आणि वर पितळी ओगराळं. मी दोन ओगराळी पाणी प्यालो. इतकं गोड पाणी पिऊन वर गावाचा इतिहास विचारायचा म्हणजे थोडा संकोच वाटला.

इतिहास सांगितला प्रमिलाबाईंनी. ठेसनाला लागूनच त्यांची झेंडूची वाडी. त्यांचे सासरे सीतारामजी इथे रूळ बदलणारे पॉइंट्समन होते. खांडव्याहून मेळघाटचे डोंगर उतरून आलेली मीटरगेज गाडी समोरच्या गाडीची वाट पाहत इथे तासभरही उभी राही. डब्यातली पोरं पाण्यासाठी रडत. मग सीतारामजींनी गावातल्या चौदा घरांत रोज एका घराची पाळी लावून दिली. पद्धत त्यांनी आपल्या नोकरीतूनच उचलली. एकेरी लाइनवर ठेसनमास्तरांकडून लोखंडी गोळा हातात मिळाल्याशिवाय ड्रायव्हरला गाडी पुढे नेता येत नसे. इथे गोळ्याच्या जागी ओगराळं. आजच्या घराने रांजण घासायचा, भरायचा आणि दुसऱ्या दिवशी ओगराळं पुढच्या घराच्या हातात द्यायचं. ठेवून निघून जायचं नाही. हातात द्यायचं.

आता पितं कोण, असं मी विचारलं. शाळेतली पोरं, बकऱ्यावाले, वाटसरू, त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे पाहून, "तुमी काय दूध पेले?"

चौदा नावांची यादी तिकीटखोलीच्या भिंतीवर सीतारामजींनी डांबराने लिहिलेली. खोलीत पुढे लोकांनी चुली पेटवल्या, भिंत काळी झाली. मोबाईलचे फोटो काढून झाले, पण काळ्यावर काळं उमटेना. दुपारी चारला खिडकीतून तिरपं ऊन येतं, तेवढा वेळ अक्षरं दिसतात. प्रमिलाबाईंचा जीव त्या भिंतीत अडकला होता. भिंत पडली की उद्या कुणीही म्हणेल, माझी पाळी नव्हतीच. "मंग म्या दाखवू काय? मातीचा ढीग?" जेसीबी शेजारच्या गावापर्यंत आलेला होता. माझं अक्षर बरं आहे का, असं त्यांनी विचारलं. संस्कृत पाठशाळेत घटवलेलं आहे, मी नम्रपणे म्हणालो. नम्रपणा तिथेच संपला.

चारला ऊन आलं. मी ड्रॉइंगच्या कागदावर नावं उतरवू लागलो. यादीत काही क्रम दिसेना. वरची आळी, खालची आळी, पुन्हा वरची. पॉइंट्समनने आठवेल तसं लिहिलं असणार, म्हणून मी उपकारबुद्धीने सगळं अकारविल्हे लावलं. मग ठसक्यात वाचून दाखवलं. प्रमिलाबाई खिडकीबाहेर झेंडू तोडत ऐकत होत्या. महादेवनंतर माणिक आला आणि त्यांचा हात थांबला.

"हे काय करून ठेवलं बापा? महादेवच्या मांगं मानिक? सख्खे भाऊ ते. वावराच्या धुऱ्यावरून भांडले, तीन पिढ्या झाल्या, त्याइच्या घरची बोली नाई. ओगराळं कोन कोनाच्या हातात देईन?"

मी पेन खाली ठेवलं.

"सासऱ्यानं उगाच नाई लिवलं तसं. दोघाइच्या मंधात सहा घरं टाकले. तुमच्या शाळेत हे नाई शिकवत काय?"

शाळेत अकारविल्हे शिकवलं होतं. भाऊबंदकी अभ्यासक्रमात नव्हती. ऊन भिंतीवरून सरकत चाललेलं. मी दुसरा कागद घेतला, प्रमिलाबाई फुलांची टोपली ठेवून आत आल्या आणि एकेका नावाखाली बोट धरून उभ्या राहिल्या. शेवटची तीन नावं उन्हाने नव्हे, त्यांच्या बोटाने वाचली. पुन्हा वाचून दाखवलं तेव्हा त्या फक्त "हं" म्हणाल्या. मला मिळालेल्या प्रशस्तिपत्रांत एवढं नेमकं दुसरं नाही. मग भाकर, झुणका आणि ठेचा, पैशाचं नाव काढू दिलं नाही, वर झेंडूची ओंजळ. हिवरखेडहून शेवटची बस संध्याकाळी लवकर सुटते, विचारून ठेवा. पाण्याची बाटली मात्र नेऊ नका, तिथे ती काढायची लाज वाटते.

घरी येऊन कितीतरी दिवस मी त्या सीतारामजींचा विचार करतो आहे. न बोलणाऱ्यांना बोलायला न लावता त्यांनी एकाच रांजणाला बांधून ठेवलं. संस्कृत सूत्रकारांची अल्पाक्षरी सूत्रं मी आयुष्यभर पाठ केली. डांबरातली ती चौदा नावं त्याच पंक्तीत बसायला हरकत नाही. त्यांचा पुनर्लेखक होता आलं, तेही दुसऱ्या प्रयत्नात, याबद्दल मी त्या गावाचा ऋणी आहे.

परवा प्रमिलाबाईंचा फोन आला. ठेसन पाडलं. कागद प्लॅस्टिकमध्ये घालून कडुलिंबाला बांधलाय, झाड वाचलं. त्या दिवशी पाळी कुणाची होती, मी विचारलं.

"मानिकच्या घरची."

भरलं त्यांनी पाणी?

"भरलं न. पाडनारेच पेले दिवसभर."