नानांनी गाळलेली हाक

नाना नाटक लिहायचे ते उसाच्या बांधावर बसून. कोल्हारला प्रवरेकाठी त्यांचा ऊस, पण तो कारखान्याला घालण्यापेक्षा ऐकण्यातच त्यांना गोडी. "ऊस बोलतोय तवर भ्यायचं न्हाई, सूनबाई. गप झाला की पळायचं," असं मला सांगायचे. मी त्यांची शेजारीण, आणि यात्रेतल्या त्यांच्या नाटकांतली ठरलेली आई.

शेवटचं नाटक त्यांनी बिबट्यावर लिहिलं. बिबट्या त्यात दिसतच नाही. नुसता ऊस, आणि पोराला शोधणारी आई. तालमीत मी हाक मारली की नाना कपाळाला हात लावायचे. "जेवाया बोलावतीस व्हय? भ्या उसात पिकतं बाई, स्टेजवर न्हाई. चल बांधावर."

आता नानांना नाही म्हणायची सोय होती का? दिवेलागणीला गेले. त्याच आठवड्यात शेजारच्या वस्तीवरची शेळी बिबट्यानं नेली होती. "सवताच्या पोरीचं नाव घे," नाना म्हणाले. मी डोळे मिटले. "पिंके! ए पिंकेऽ!" आवाज असा फाटला की माझ्याच अंगावर काटा आला. नाना खूश. "ह्योच! ह्योच आवाज पायजे!"

तेवढ्यात उसातून ओ आली. "आले गं आई!"

आमचं घर उसापलीकडे. आई बोलावतेय म्हणून कार्टी सरळ मधल्या सरीतून निघाली होती. रातकिडे एकदम थांबले. पाती दोन जागी हलत होती. एक सळसळ माझ्याकडे येत होती, दुसरी तिच्यामागून.

हाक मारून मीच तिला त्यात ओढलं होतं. पाय उचलेनात. नाना मात्र, दम्याचा म्हातारा माणूस, "हाड! हाड!" असं बोंबलत उसात घुसले. पिंकीला काखेत मारून बाहेर आले तेव्हा पात्यांनी त्यांचे गाल कापले होते. मी पोरीला पोटाशी धरलं आणि नानांना तोंडाला येईल ते बोलले. सकाळी त्या सरीत पंजे उमटलेले दिसले.

यात्रेत नाटक झालं. मी उसाच्या मोळ्यांपुढे उभी राहिले, तोंड उघडलं, पण हाक मारली नाही. नानांनी ती खोडून टाकली होती. समोरच्या बाया पोरांना मांडीवर ओढून घेत होत्या.

नाटक संपल्यावर तालुक्याच्या एका पाहुण्यांनी विचारलं, "अहो, ती आई हाक का मारत नाही?"

नानांनी गालावरच्या ओरखड्यांवरून हात फिरवला.

"मारली तर पोर येतं ना, सायेब."