पडद्याच्या घडीत फोन

टिपमावशींच्या फोनला काय झालंय, असं कुणी विचारू नये. काय झालेलं नाही ते विचारावं, म्हणजे उत्तर चटकन मिळतं. त्याची घंटी केव्हाच बसली होती. फोन आला की तो नुसता थरथरायचा. कानाला लावून ऐकायची सोय राहिली नव्हती. जे काय बोलणं व्हायचं ते स्पीकरवर, आणि तेही असं खणखणीत, की समोरच्या इस्त्रीच्या दुकानातल्या गिऱ्हाइकानं मान डोलवावी. मागचं झाकण सैल झालेलं, बॅटरी जरा हलली की फोन गतप्राण. आणि या सगळ्यावर कडी म्हणजे, थोडा वेळ थरथरून झालं की तो कधीमधी आपला आपणच उचलला जायचा. विचारणं नाही, सवरणं नाही.

या शेवटच्या खोडीनं मावशींची एकदा चांगलीच शोभा झाली होती. एका बाईंच्या गाउनचं माप बघत त्या इस्त्रीवाल्याला सांगत होत्या, "कंबर म्हणून लिहिलंय खरं, पण आहे ते कोठार!" नेमका त्याच बाईंचा फोन आलेला, आणि फोनसाहेब स्वतःला उचलून मोकळे. आतून आवाज आला, "मावशी, कोठार जरा ढिलं ठेवा हं." बाई दिलदार म्हणून निभावलं.

मावशी शिवणकाम करायच्या. मशीनवर त्यांची टीप अशी सरळ धावायची की गल्लीनं त्यांचं खरं नाव कधीच विसरून टाकलं. दुकान म्हणजे रस्त्यावर उघडणारी एक खोली. त्यात मशीन, कापायचं टेबल, आणि एक उंच आरसा, ज्यात कुणीही बारीक दिसायचं. मावशींचं गिऱ्हाईक टिपेमुळे नाही, त्या आरशामुळे टिकलंय, असं इस्त्रीवाला म्हणायचा. पण त्याला काय, कुणाच्या तरी अब्रूला वाफ दिल्याशिवाय त्याचा दिवस जात नसे.

"मावशी, नवा फोन घ्या की आता," असं सगळेच सांगायचे. मावशी ऐकायच्या नाहीत, आणि त्याचं कारण हसण्यासारखं नव्हतं. त्यांचा एकुलता एक लेक मालवाहू जहाजावर होता. जहाज बंदराला लागलं की तो मिळेल त्या फोनवरून आईला फोन करायचा. नंबर दर वेळी वेगळा, त्यामुळे इथून उलटा फोन लावायची सोय नाही. फोन चुकला की चुकला. मग पुढचं बंदर येईपर्यंत बसा वाट बघत. नव्या फोनच्या भानगडीत नेमका त्याचाच फोन हुकला तर? त्यापेक्षा हा थरथरणारा बरा. आजारी असला तरी घरचा.

थरथर ऐकू यावी म्हणून मावशी फोन बटणांच्या डब्यात ठेवायच्या. फोन थरथरला की बटणं वाजायची. युक्ती नामी होती, पण मशीन चालू झालं की टेबल हलायचं, टेबल हललं की डबा, आणि डबा हलला की बटणं. दिवसभरात कितीदा तरी मावशी टीप अर्धी सोडून डब्यावर झडप घालायच्या.

"तुमच्या फोनला थंडी वाजते, मावशी," इस्त्रीवाला म्हणाला. "एखादा स्वेटर शिवा त्याला."

मावशींनी खरंच शिवला. बॅटरी दाबून राहील अशी घट्ट इलॅस्टिकची कापडी पिशवी. कापड होतं निळ्या फुलांचं, हेडबाईंच्या पडद्यांतलं. आता ही गोष्ट आपल्यातच राहू द्या. हेडबाई म्हणजे शाळेतून निवृत्त झालेल्या मुख्याध्यापिका. शाळा सुटली, पण छडी मनातून सुटली नव्हती. पडद्यांचं कापड देताना त्यांनी बजावलं होतं, "उरेल ते परत." आणि मावशींनी डोळ्याची पापणी न लववता सांगितलं होतं, "उरतंय कुठं, बाई! झालरीलाच पुरतंय की नाही बघते." कुठल्याही शिवणाऱ्या बाईला विचारा, उरलेलं कापड परत देणं हे तिच्या हातून होतच नाही.

त्या दिवसांत मात्र मावशींचं हसू आटलं होतं. लेकाचा फोन यायला हवा होता तेव्हा आला नव्हता. टीव्हीवर समुद्रातल्या वादळाच्या बातम्या होत्या. जहाजाच्या कंपनीत इस्त्रीवाल्याकडून फोन लावून घेतला, तर पलीकडची मुलगी गोड आवाजात म्हणाली, "काही असलं तर कळवू." या गोड आवाजानं मावशी जास्तच घाबरल्या. काही असलं तर, म्हणजे काय असलं तर?

डब्यातल्या बटणांची खोटी हाक आता त्यांना सोसवेना. बटणं वाजली की काळीज उडायचं, आणि फोन काळाठिक्कर बघून खाली बसायचं. शेवटी त्या दुपारी त्यांनी फोन डब्यातून काढला आणि टेबलावर, डोळ्यांसमोर ठेवला. टेबलावर हेडबाईंचे तयार पडदे पसरलेले होते.

तेवढ्यात खुद्द हेडबाई दारात. "झाले का? की अजून पुरतंय का बघताय?"

मावशींनी पडदे घड्या घालून पिशवीत कोंबले, हेडबाईंना वाटेला लावलं, हुश्श केलं, आणि टेबलाकडे बघितलं. टेबल रिकामं.

निळ्या फुलांवर निळी फुलं ठेवली होती. दिसणार कशी?

पण हे मागाहून कळलं. आधी मावशींनी डबा उपडा केला, बटणं खोलीभर पसरली. मशीनखाली बघितलं, चिंध्यांच्या गाठोड्यात हात घातला, आरशामागेसुद्धा बघितलं. आरशात त्या नेहमीप्रमाणे बारीक दिसल्या, आणि पांढऱ्याफटक.

"थांबा, मी लावतो फोन," इस्त्रीवाला धावत आला.

"लावून काय? वाजतोय कुठं तो मेला!"

तोवर त्यानं लावलासुद्धा. आणि वाजला नाही तरी, थोड्या वेळानं, सवयीप्रमाणे, फोन स्वतःला उचलून मोकळा झाला. इस्त्रीवाल्याच्या हातातल्या फोनमधून पडद्याच्या कड्यांचा किणकिणाट आला, आणि मग ओळखीचा आवाज, "झालर वाकडी आहे. मी म्हटलंच होतं."

दोघांनी एकमेकांकडे बघितलं.

"बाई!" इस्त्रीवाला ओरडला. "हेडबाई, ऐकू येतंय का?"

पलीकडे कड्या थांबल्या. "कोण आहे?" मग आणखी कडक आवाजात, "पडद्यात कोण आहे? बाहेर ये!"

"ठेव! ठेव तो!" मावशींनी त्याच्या हातातून फोन ओढला. "तू बोलत बसलास आणि तिकडून त्याचा आला तर लागायचा नाही रे!"

फोन बंद करून त्या तशाच पळत सुटल्या. गळ्यात मापाची टेप, बोटात अंगुस्तान, पायांत चपला नाहीत. हेडबाईंचं घर पुढच्या रस्त्याच्या टोकाला, वरच्या मजल्यावर. एरवी मावशी हा रस्ता दोन ठिकाणी थांबून, चार घरच्या बातम्या घेत चालायच्या. आज बातम्यांनीच त्यांच्याकडे वळून बघितलं. "मावशी, काय झालं?" कुणीतरी विचारलं. मावशींना धाप लागलेली. आणि तेच तर त्यांना माहीत नव्हतं, की काय झालं.

मनात दोनच गोष्टी. आत्ता, या क्षणाला, तो फोन थरथरत असेल. आणि बॅटरी हलली असली तर थरथरतही नसेल. तिसरी गोष्ट, त्या कापडाची, आठवली तेव्हा त्या जिन्यापाशी पोचल्या होत्या, आणि पाय क्षणभर अडखळलेच. मग म्हणाल्या, मरो ते कापड.

वरचं दार सताड उघडं. आतून हेडबाईंचा आवाज येत होता, भरवर्गात यावा तसा.

"फोन ठेवायचा नाही. सांगितलं ना, जागचं हलायचं नाही!"

"अहो, पण फोन दुसऱ्याचा आहे," निळ्या फुलांतून लेकाचा आवाज आला. "तो हात पुढे करून उभा आहे."

मावशींनी चौकटीला धरलं.

"त्याला म्हणावं, तूही उभा राहा. तुझी आई रस्त्यानं पळत येताना मी खिडकीतून बघितलीय. या वयात, अनवाणी. तू चार शब्द बोलल्याशिवाय सुटायचा नाहीस." मग दाराकडे न बघताच, "आल्या. बोला. आणि जवळ या, उचलायचा प्रयत्न करू नका, हलला की मरतो म्हणे."

कोण म्हणे? लेकच म्हणाला असणार. आईच्या फोनची नाडी त्यालाही ठाऊक होती.

"अरे, कुठं होतास?" मावशी पडद्यापाशी जमिनीवर बसत म्हणाल्या.

"वादळामुळे बाहेरच थांबवून ठेवलं होतं, आई. बंदरात घेतच नव्हते. मी ठीक आहे. जेवण नीट आहे, झोप नीट आहे. तुला धाप का लागलीय?"

"काही नाही रे. जिना चढले."

"आणि या बाई कोण? मी 'आई' म्हटलं, तर म्हणाल्या, आधी नाव सांग, मग इयत्ता."

हेडबाई खिडकीबाहेर बघू लागल्या. "सवय," त्या म्हणाल्या. "पडदा बोलायला लागला की कोण घाबरत नाही?"

लेक खळखळून हसला. मावशीही हसल्या, आणि हसता हसता टेपच्या टोकानं डोळे पुसू लागल्या. पुढच्या बंदरातून करतो, असं तो म्हणाला, आणि कुणीतरी पलीकडे खाकरलं, आणि फोन बंद झाला.

मावशी जमिनीवरच बसल्या होत्या. हेडबाईंनी पाण्याचा पेला समोर ठेवला, आणि मग फोन अलगद उचलून, चष्मा खाली करून, त्याच्या पिशवीवरची फुलं बघितली. मग नव्या पडद्यावरची बघितली. मग पुन्हा पिशवीवरची.

"उरलं नव्हतं म्हणालात."

"नव्हतंच उरलं, बाई," मावशी पाण्याचा घोट घेऊन म्हणाल्या. "हे आधीच कापून ठेवलं होतं."

इतक्या वर्षांच्या नोकरीत असं उत्तर हेडबाईंना मिळालं नसावं.

"फोन घेऊन जा. पिशवी काढू नका, मरेल तो," त्या म्हणाल्या. "झालर उद्या सरळ करून द्यायची. आणि माझ्या चष्म्याला एक पिशवी शिवून आणायची. याच कापडाची."

"याच कापडाची? अहो, पण..."

"असेल अजून."

मावशींनी मान खाली घातली. होतं. चष्म्याला पुरून वर एक उशीचा अभ्रा निघेल, एवढं होतं.