व्ही.एस.के. ओके

पहिल्याच दिवशी, पहिल्याच वाक्याला त्यांनी मला अडवलं. ताथवड्याच्या कॉलेजातून बाहेर पडून चाकणच्या एका कारखान्यात मी नुकतीच लागले होते. गळ्यात कोरं ओळखपत्र, पायात चावणारे सेफ्टी शूज आणि डोक्यात चार वर्षांच्या इंजिनिअरिंगची हवा. तपासणीच्या टेबलाशी पांढऱ्या दाढीचे एक गृहस्थ गाडीच्या पेडलचं ब्रॅकेट उजेडात धरून न्याहाळत होते. मी ऐटीत सांगितलं, "मी क्यूएमध्ये जीईटी आहे."

त्यांनी ब्रॅकेट खाली ठेवलं, चष्मा कपाळावर चढवला आणि विचारलं, "म्हंजी काय?"

"क्वालिटी ॲश्युरन्समध्ये ग्रॅज्युएट इंजिनिअर ट्रेनी."

"म्हंजी शिकाऊ."

"हो... तसंच."

"मंग शिकाऊ म्हन की. आमी बी शिकाऊच हाय. बस."

हे दस्तगीर मुलाणी. चाकणचेच, कारखाने यायच्या आधीपासूनचे. सव्वीस वर्षं अंतिम तपासणीवर काढलेली. त्यांनी सही केल्याशिवाय मालाची गाडी गेटबाहेर पडत नसे. सगळा कारखाना त्यांना 'फुलफॉर्म' म्हणायचा, मागेही आणि तोंडावरही. कारण त्यांच्यासमोर कुणी इंग्रजी अक्षरांचं गाठोडं टाकलं, की ते सोडवून घेतल्याशिवाय ते पुढे सरकत नसत. "शॉर्टफॉर्म म्हंजी बंद डबा," ते म्हणायचे. "आत भाजी हाय का नुसताच वाजतोय, उघडल्याबिगर कसं कळंल?"

आणि आमच्या कारखान्यात डब्यांना तोटा नव्हता. सकाळची मीटिंग ऐकली तर मराठी माणसं बोलताहेत असं वाटायचं नाही, इंग्रजी माणसंही नाही. बाराखडीला ताप आलाय असं वाटायचं. एकदा खरेदी विभागाच्या साहेबांनी माल मागवताना खाली 'एएसएपी' लिहिलं. दस्तगीरभाई कागद घेऊन थेट वर ऑफिसात गेले. मी मागोमाग.

"म्हंजी काय?"

"जमेल तितक्या लवकर."

"ते समजलं. म्हंजी किती वाजता?"

साहेब गडबडले. "चार वाजेपर्यंत द्या."

"मंग 'चार' लिव्हा की. येक आकडा हाय. तुमच्या अक्षरांपरीस ल्हान."

'एफवायआय' म्हणजे तुमच्या माहितीसाठी, हे कळल्यावर त्यांनी विचारलं होतं, "माझ्या माहितीसाठी हाय, तर मला कळाया नको?" गेटवर 'पीपीईशिवाय प्रवेश नाही' असा फलक लागला, तेव्हा रंगाऱ्याला चहा पाजून त्यांनी त्याखाली हेल्मेट, चष्मा, हातमोजे आणि बूट अशी चार चित्रं काढून घेतली. त्यांना मनापासून आवडायचं ते एकच, 'टीबीडी'. अजून ठरायचं आहे. "आपल्याला ठावं न्हाई ह्ये कबूल करनारं येवढंच येक हाय. गुनाचं हाय बिचारं."

हे सगळं गमतीचं होतं, पण प्रत्येक वेळी नाही. पॅकिंगमधल्या एका मुलीची आई वारली. आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर 'आरआयपी'ची रांग लागली. मीही एक चिकटवलं आणि जेवायला गेले. दस्तगीरभाई कॅन्टीनच्या कोपऱ्यात एका बोटाने टाइप करत बसले होते. जेवणाची सुट्टी संपली तरी त्यांचं चालूच होतं. मग ग्रुपवर आलं : 'तुमच्या आई गेल्याचं कळलं. गेल्या वर्षी त्यांनी आमच्यासाठी शेंगाची चटणी पाठवली होती. ती मी घरी नेली होती. फार वाईट वाटलं.' मला म्हणाले, "मानूस गेलं, पोरी. तीन अक्षरांत उरकून कुठं जायचं व्हतं आपल्याला?" मला माझी लाज वाटली. अजूनही ती तीन अक्षरं माझ्याने टाइप होत नाहीत.

तर अशा माणसाला मी नकळत कोंडीत पकडलं. त्यांच्या निवृत्तीला महिना राहिला होता आणि त्यांचं काम माझ्याकडे यायचं होतं. रोजच्या तपासणीचा तक्ता ते मला समजावून सांगत होते. एकेका रकान्यावर बोट ठेवून काय मोजायचं, कशाने मोजायचं, सगळं नीट. शेवटच्या रकान्याच्या डोक्यावर इंग्रजीत 'व्ही.एस.के.' होतं आणि खाली, रोज, प्रत्येक पाळीला, 'ओके'. दस्तगीरभाईंनीही तिथे ओके लिहिलं आणि पान उलटलं.

"हे व्ही.एस.के. म्हणजे काय?" मी विचारलं. त्यांच्याच हाताखाली शिकलेली मी, दुसरं काय विचारणार?

ते थांबले. पान परत मागे उलटलं. त्या तीन अक्षरांवर बोट ठेवलं. मग म्हणाले, "ठावं न्हाई."

मी हसले. ते हसले नाहीत. "माझी सही बघून गाडी सुटती, पोरी. आन् ह्यो रकाना मी कायबी न बघता भरतोय. किती वर्सं, कुनाला ठावं." सगळ्या कारखान्याचे डबे उघडणाऱ्या माणसाच्या स्वतःच्या पिशवीत बंद डबा निघाला होता. त्याच दिवशी त्यांनी ठरवलं, की या अक्षरांचा अर्थ कळेपर्यंत तो रकाना कोरा ठेवायचा, आणि निवृत्त व्हायच्या आत जाणून घ्यायचाच.

मग आमची फेरी निघाली. 'ठावं न्हाई' म्हणणारा एकही माणूस भेटला नाही. मेंटेनन्सवाले म्हणाले, "व्हायब्रेशनचं काहीतरी असणार." स्टोअरवाल्यांच्या मते तो 'व्हेंडर स्टॉक किट' होता. प्रॉडक्शन मॅनेजर जाधव साहेबांनी तर डोळेही वर न करता सांगितलं, "व्हिज्युअल सेफ्टी काइझन."

"त्यात बघायचं काय?"

"सगळंच."

हेड ऑफिसला मी मेल टाकली. उत्तर आलं की सदर रकाना भरणं बंधनकारक आहे.

तीन आठवडे दस्तगीरभाईंनी रकाना कोरा सोडला आणि दुपारच्या पाळीतला कुणीतरी मागाहून ओके लिहीत गेला. शेवटी गिऱ्हाईक कंपनीच्या माणसाला भरायची राहून गेलेली एक कोरी चौकट दिसली आणि त्याने गाडी थांबवली. जाधव साहेब तणतणत खाली आले. "मुलाणी, तीन दिवस राहिलेत तुमचे. दोन अक्षरं लिहायला काय जातंय? उद्या सकाळी रकाना भरलेला दिसला नाही, तर मला ताकिदीचं पत्र द्यावं लागेल." सव्वीस वर्षांत त्या माणसाला एकही पत्र मिळालेलं नव्हतं. निरोपाच्या हाराबरोबर ते मिळणार होतं.

"द्या," दस्तगीरभाई म्हणाले, "पर पत्रात शॉर्टफॉर्म नको."  मला रडू आलं. हा घोळ माझ्याच प्रश्नातून सुरू झाला होता.

त्या दुपारी आम्ही दोघं जुन्या कागदांच्या खोलीत शिरलो आणि तक्त्यांच्या फायली काढून एकेक वर्ष मागे जात राहिलो. ओके, ओके, ओके. मी अकरा वर्षं मागे गेले आणि ओके संपले. त्या पानावर व्ही.एस.के.च्या खाली एक सही होती. वळणदार, मराठीत : वि. स. कोल्हे.

"कोल्हे मास्तर!" दस्तगीरभाई ओरडलेच. तो तक्ता बनवणारे, तेव्हाचे तपासणी विभागाचे प्रमुख. अख्खा कारखाना त्यांना मास्तर म्हणायचा, त्यामुळे विश्वनाथ सखाराम हे नाव कुणाला माहीतच नव्हतं. स्वतःच्या सहीसाठी ठेवलेल्या रकान्याच्या डोक्यावर त्यांनी स्वतःच्या नावाची अक्षरं घातली होती, आणि ती सही ते शेवटी वर ऑफिसात बसून करायचे. मास्तर निवृत्त झाले, रकाना राहिला. दुसऱ्या दिवशीच्या तक्त्यावर पहिलं ओके होतं, आणि ते अक्षर दस्तगीरभाईंचं होतं. गाडी खोळंबू नये म्हणून कोरी चौकट भरून टाकली असेल. बाकीच्यांनी ते बघून पुढे चालवलं.

दस्तगीरभाई मटकन खोक्यावर बसले आणि डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. "म्हंजी अकरा वर्सं आमी मास्तर बरं हायेत म्हनून लिव्हतोय. आन् येकदाबी जाऊन बघितलं न्हाई." ते शेवटचं वाक्य म्हणताना हसू थांबलं होतं.

जुन्या फाइलीत पत्ता मिळाला, कासारवाडी स्टेशनच्या मागचा. संध्याकाळीच माझ्या स्कूटीवर गेलो. मास्तर खुर्चीत बसले होते, वाळलेले, पण इस्त्रीच्या शर्टात. दस्तगीरभाईंनी तक्त्याची प्रत त्यांच्या मांडीवर ठेवून सगळी हकिकत सांगितली.

"रोज?" मास्तरांनी विचारलं.

"तिन्ही पाळ्यांत."

"माझी बायपास झाली तेव्हाही?"

"तवाबी ओके."

"आणि आमची ही गेली तेव्हा?"

दस्तगीरभाईंनी खुर्ची जवळ ओढली. मग मास्तरांचा हात हातात घेऊन म्हणाले, "तवाबी लिव्हलं, मास्तर. चुकीचं लिव्हलं. माफी करा."

मास्तर थोडा वेळ त्या ओळींवरून बोट फिरवत राहिले. "असू दे रे," म्हणाले. "रोज कुणीतरी नाव काढत होतं, हे काय थोडं आहे?" मग चहा झाला, दुसरा झाला, आणि मास्तरांनी तक्त्यातल्या दोन चुका काढून दाखवल्या.

सकाळी जाधव साहेब हातात लिफाफा घेऊनच आले. रकाना भरलेला होता. दस्तगीरभाईंनी लिहिलं होतं, 'ओके', आणि पुढे बारीक अक्षरात, 'काल समक्ष भेटून खात्री केली.' साहेबांनी नेहमीप्रमाणे नुसतं ओके वाचलं, खाली सही केली आणि लिफाफा खिशात टाकला. गाडी सुटली.

निवृत्त होऊन जाताना दस्तगीरभाईंनी मला मास्तरांचा नंबर दिला आणि बजावलं, "लिव्हायच्या आदी इचारत जा." मी विचारत गेले. रोज सकाळी फोन करायचा, मास्तर म्हणायचे, "आहे ओके, लिही," मग लिहायचं. पुढे नवा तक्ता तयार करायचं काम माझ्याकडेच आलं, आणि मास्तरांचा रकाना जागच्या जागी राहिला. शेजारी मी आणखी एक घातला : 'डी.एम.'

या गोष्टीला दोन वर्षं झाली. हेड ऑफिसने मंजुरी दिली, गिऱ्हाइकांचे तपासनीस येऊन गेले, तिन्ही पाळ्या रोज त्यात ओके लिहितात. ते काय आहे, हे अजून एकानेही विचारलेलं नाही. कुणी विचारेल त्या दिवशी त्याला माझ्या शेजारी खुर्ची द्यायची, असं मी ठरवून ठेवलंय. तोवर दर रविवारी मी चाकणला दस्तगीरभाईंच्या घरी जाऊन खात्री करून येते.