फ्लॉपीची पूजा

फ्लॉपीला हळद-कुंकू लावू नये, अशी सूचना फ्लॉपीच्या खोक्यावर कुठेही छापलेली नव्हती. मी नीट बघितलं होतं.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. आम्ही सुरतेला, उधन्यात राहायचो. दसऱ्याला आसपासचे सगळे माग बंद. एरवीच्या खटखटाटाची इतकी सवय, की त्या शांततेत आपण पाण्याखाली चालतोय असं वाटे! त्याच तंद्रीत मी पूजेला बसले. कात्री, विळी, शिलाई मशीन, ह्यांचे पाने-पक्कड, सगळं ओळीनं मांडलेलं. शेवटी माझ्या दिराचा, दिलीपचा, कॉम्प्युटर आणि शेजारी त्याची फ्लॉपी. तिची पत्र्याची झडप सरकवून मी आतल्या काळ्या चकतीलाच कुंकू लावलं. (देवाला कोणी वस्त्रावरून कुंकू लावतं का?) वर चार अक्षता.

दिलीप आंघोळ करून आला आणि त्यानं फ्लॉपी उचलली.

"वहिनी, हे काय?"

"पूजा. तुझ्या हत्याराची."

"अहो, ह्यात सही करायच्या लायब्ररी फाइल्स होत्या!"

"मग पेनानं कर की सही!"

त्यानं डोळे मिटून मला समजावलं. कापडाच्या ताग्यावर मिलचा शिक्का असतो, तसा प्रोग्रामवरही मारावा लागतो, आणि तो मारणाऱ्या फाइल्स त्या फ्लॉपीत. शिक्का नसला, की गिऱ्हाइकाचा कॉम्प्युटर पाटी दाखवतो : बनवणारा अनोळखी आहे, विश्वास ठेवू नका! ज्याच्यासाठी हा प्रोग्राम होता त्या साडीवाल्या शेठनं सकाळीच फोन करून साडीचा निळा रंग बदलायला लावला होता, आणि प्रोग्राममध्ये एवढंसं बदललं तरी जुना शिक्का बाद. संध्याकाळी मुहूर्तावर शेठ चार व्यापाऱ्यांसमोर ह्याच प्रोग्रामचं, इंटरनेटवरचं साड्यांचं पान उघडणार. पाटी आली, तर पुढचं सगळं काम अमदावादच्या माणसाला! दिलीपचं हे पहिलंच काम.

"ओल्या फडक्यानं पुसू?"

"तुम्ही काहीही करू नका!"

त्यानं फुंकर मारून फ्लॉपी आत सारली. जात्यावर भरडतात तसा आवाज आला. (अक्षता.)

आता फाइल्स इंटरनेटवरून, टेलिफोनच्या तारेतून उतरवायच्या. तेवढ्यात सासूबाई दारात.

"पूजा व्हयनी! आते यंत्रले हात लावानं नही!"

"आई, माझं काम जाईल गं!"

सासूबाईंनी कॉम्प्युटरवरचं फूल सरळ केलं. "मंग पाया पड, आन कर चालू."

दिलीप कॉम्प्युटरच्या पाया पडला. मोडेम दूर कुठेतरी वारा घुमावा तसा गायला, आणि पडद्यावरची निळी पट्टी मुंगीच्या पावलानं सरकू लागली. दिलीपनं मला बजावलं, "मध्ये फोन वापरला तर लाइन तुटेल." मी टेलिफोनवर स्वच्छ टॉवेल घातला आणि राखणीला बसले. दुपार झेंडूसारखी पिवळी झाली होती. पट्टीकडे बघता बघता माझे डोळे जड झाले. निळ्या साड्या ताग्यांतून सुटून उधन्याच्या आभाळात तरंगताहेत, आणि प्रत्येकीच्या पदरावर शिक्का...

दचकून जागी झाले. पट्टी जवळजवळ भरलेली! आणि माझ्या लक्षात आलं : दसऱ्याच्या शुभेच्छा द्यायला अमळनेरहून नणंदबाई फोन करतील, तर? कामात कसं, आधी बंदोबस्त केलेला बरा. मी टॉवेल काढला, रिसीव्हर उचलला आणि त्यांचा नंबर फिरवू लागले.

"वहिनी!!"

"अरे, आज फोन करू नका, एवढंच सांगतेय!"

पट्टी नाहीशी झाली.

 दिलीप पुन्हा एकदा कॉम्प्युटरच्या पाया पडला, या खेपेला जरा जास्त वेळ. सासूबाईंनी मला हाताला धरून स्वयंपाकघरात नेलं आणि समोर वाटाण्याची परात ठेवली. "तू आते हाई सोल."

दुसऱ्या खेपेला फाइल्स उतरल्या, शिक्का बसला, प्रोग्राम इंटरनेटवर चढला, आणि दिलीप सायकल हाणत बाजारात पोचला तेव्हा शेठ नारळ फोडत होता. पान उघडलं. अनोळखी बिनोळखी काही नाही. पडद्यावर बनवणारा म्हणून दिलीपचं पूर्ण नाव झळकलं. शेठ खूश. "अरे वाह, नाम पण आवे छे!" वर्षभराचं काम मिळालं!

पुढच्या दसऱ्याला फ्लॉप्यांच्या डब्याला कुलूप होतं. वर दिलीपच्या अक्षरात चिठ्ठी : 'पूजा झालेली आहे. पुन्हा करू नये.' ही घरातल्या सगळ्यांसाठी आहे, असं तो म्हणाला. पण घरात 'वहिनी' नावाची मी एकटीच, मग खाली 'वहिनींना कळावे' कशाला?