बाहेरून मोजलेली भिंत

जुन्या बाजारगल्लीतलं मास्तरांचं दुमजली घर धोकादायक ठरवणारा अहवाल माझ्या सहीचा होता. नगर परिषदेत इंजिनिअर म्हणून लागून मला जेमतेम वर्ष झालं होतं. पावसाळ्याआधी जुनी घरं तपासा आणि कललेली पाडून टाका, असा वरून आदेश आला होता. सागवानी खांब, मातीच्या रुंद भिंती, रस्त्यावर आलेली लाकडी गॅलरी. मला ती सगळी घरं सारखीच पडायला आलेली दिसायची.

पाडायच्या सकाळी जेसीबी गल्लीत शिरला, तेव्हा निवृत्त मास्तर दारातच खुर्ची टाकून बसले होते. सामान त्यांनी हलवलंच नव्हतं. माझं डोकं सणकलं.

"मास्तर, नोटीस भेटली ना? उठा आता."

"साहेब, ओळंबा आतून लावला होता का तुम्ही?"

"आतून काहून? बाहेरून चांगली चार बोटं कलली हाये भिंत."

"कलली नाही, तशीच बांधली हाये. खाली रुंद, वर अरुंद. माह्या बापानं रचली, गवंडी होता तो. तवा घर दुसऱ्याचं होतं. भिंती झाल्यावर त्याले उंबऱ्याच्या आत येऊ देत नव्हते. पुढं त्यानंच हे घर इकत घेतलं. आतून लावून पाहा, मंग पाडा."

गल्लीत माणसं जमली. ड्रायव्हर इंजिन बंद करेना, वरिष्ठांचा फोन दोनदा वाजून गेला. मास्तरांचं तोंड बंद व्हावं एवढ्याचसाठी मी आत गेलो. कोनाड्यातल्या बुद्धमूर्तीशेजारी वरून दोरी सोडली आणि ओळंबा स्थिर व्हायची वाट पाहिली. दोरी आणि भिंत यांच्यातलं अंतर वरपासून खालपर्यंत सारखं होतं. दुसऱ्या कोपऱ्यात लावला, तिथंही तेच. कॉलेजात आम्ही काँक्रीटचे खांब शिकलो होतो. मातीची भिंत कशी रचतात हे कुणी शिकवलं नव्हतं, आणि मीही कुणाला विचारलं नव्हतं.

खोटं बोलावं, असं मनात आलं. कोण तपासणार होतं? मास्तर उंबऱ्यात उभे राहून माझ्या तोंडाकडं पाहत होते.

बाहेर येऊन मी ड्रायव्हरला म्हणालो, "गाडी मागं घे. चूक माझी झाली." सगळ्या गल्लीनं ऐकलं. लाज वाटली, पण सुटल्यासारखंही वाटलं.

मास्तर मात्र हसले नाहीत. त्यांनी शेजारच्या मोकळ्या जागेकडं बोट केलं. तिथलं घर मी मागच्याच आठवड्यात पाडून घेतलं होतं.

"अन् ते कसं मोजलं होतं?"

"बाहेरूनच."

मास्तरांनी खुर्ची उचलून आत ठेवली. मग म्हणाले, "त्या घरची बाई आता लोहाऱ्याले भावाच्या घरी राह्यते. तिले जाऊन सांगा."

लोहाऱ्याला नेणारी यवतमाळची बस आमच्या ऑफिससमोरच थांबते. दोन वर्षं झाली, मी अजून गेलेलो नाही.